पावण्याला दाखवलेला गुडघा

"पावणं, कुठलं म्हणायचं?"

"हातकणंगलं."

एवढ्यावरच मला संशय आला. हंबीररावही तिकडचाच.

१९७६ चा मार्च. येत्या रविवारी खासबाग मैदानात आमच्या पिराजीची कुस्ती हंबीररावशी लागली होती. पिराजीचा फोटो पोस्टरवर पहिल्यांदाच आला होता. अगदी खालच्या ओळीत, पण आला होता. आणि सहा दिवस आधी, सोमवारी भर दुपारी, पन्नाशीचा एक माणूस आमच्या तालमीच्या उंबऱ्यावर उभा. कान मोडलेले, म्हणजे कधीकाळी मातीत लढलेला. खांद्याला कापडी पिशवी, हातात नारळ.

"नाव सयाजी. चार दिवस गावात काम हाय. तवर तुमच्यात मेहनत करीन म्हणतो, कडंला पडून ऱ्हाईन."

आमच्या तालमीची रीत अशी, की नारळ घेऊन आलेल्या पैलवानाला दार लावायचं नाही. तालमीच्या पुस्तकात नाव नसलं तरी चालतं. किती दिवस, कशासाठी, हे विचारायचं नाही. पावणा आपण होऊन सांगेल तेवढंच.

कुतुबुद्दीन वस्तादांनी नारळ घेतला, मारुतीपुढं मला फोडायला लावला, पावण्याच्या हातावर खोबरं ठेवलं. "घर तुमचंच हाय. बसा की." मग मला माडीखाली ओढून म्हणाले, "आकाराम, सावलीगत ऱ्हा ह्येच्या मागं. एकट्याला पिराजीपाशी जाऊ देऊ नगंस. आन् रोज दिवेलागणीला मला सगळं सांगायचं."

मी सांगत गेलो. सगळं नाही.

*

तर आधी गुडघ्याचं.

बारा दिवसांपूर्वी कुस्तीच्या हौद्यात, सरावाचा जोडीदार म्हणून, मी पिराजीला खाली ओढला, तेव्हा त्याचा उजवा पाय मातीत रुतून राहिला आणि गुडघा आत वळला. ओला ऊस मोडावा तसा आवाज झाला. पिराजी उठला, माती झटकली, हसला. दुसऱ्या दिवशी त्याला जिना उतरता येईना.

हे तिघांनाच ठाऊक होतं. त्याला, मला, वस्तादांना. दवाखान्यात न्यायचं तर दवाखान्याच्या दारात दहा तालमींची माणसं. आणि हंबीररावचा डाव ठरलेला, एकेरी पट. समोरच्याचा एक पाय दोन्ही हातांनी धरायचा, गुडघ्यातनं पिळायचा आणि त्याला त्याच पायावर पाडायचं. कुठला पाय अधू आहे हे कळलं, तर अर्ध्या मिनिटाची कुस्ती.

आणि पाय कायमचा जाईल. हे तिघांपैकी कुणी बोललं नाही.

*

सोमवार. सांगितलं:

पावणा तोंडाकडं बघत नाही. मेहनत चालू असताना भिंतीला टेकून बसतो आणि पाय बघतो. सगळ्यांचे नाही, पिराजीचेच.

वस्ताद म्हणाले, "वाटलंच मला."

सोमवार. सांगितलं नाही:

मी बैठका मारताना त्यानं मागून माझ्या कमरेवर दोन बोटं ठेवली. "हितनं वाकू नगा, पैलवान. चाळिशीत रडशीला." तसं केलं तर खरंच बरं वाटलं.

*

मंगळवार. सांगितलं:

पावणा आंघोळीला गेला तेव्हा मी त्याची पिशवी उघडली. एक धोतर. गुळाचा खडा. तेलाची बाटली, वास कडू. बांबूच्या तासलेल्या चार कामट्या आणि कापडाच्या पट्ट्यांची गुंडाळी.

वस्तादांनी कामट्यांचं पुन्हा एकदा विचारून घेतलं. मग त्यांनी मांडीवर थाप मारली.

"हाडवैद्य हाय त्यो. बघ की लेका, डोकं कसं चालवलंय त्यांनी! डोळ्याला दिसत न्हाय ते हाताला कळतंय. हंबीररावानं हाडवैद्यच धाडलाय."

"मग हाकलू या का?"

"हाकललं की झालंच. कायतरी लपवत्यात, ह्ये त्येंना कळलं. न्हाय. बघू दे त्येला." आणि ते हसले. गेल्या बारा दिवसांत पहिल्यांदाच. "डावा बघू दे."

त्याच संध्याकाळी पिराजीच्या डाव्या गुडघ्याला पट्टी बांधली. मीच बांधली. चांगल्या पायानं लंगडायचं आणि दुखऱ्या पायावर ताठ चालायचं, हे त्याला माडीवर शिकवलं. चार पावलांत त्याच्या कपाळावर घाम आला.

"जमतंय की," वस्ताद म्हणाले.

"जमतंय," पिराजी म्हणाला.

*

बुधवार. हे वस्तादांच्या डोळ्यांदेखत झालं, त्यामुळं सांगण्याचा प्रश्न नव्हता.

पावणा आपण होऊन म्हणाला, "पैलवानाचा पाय दुखतोय वाटतं. बघू का जरा? आमच्याकडं घराण्यात हाय ह्ये."

"बघा की, बघा की! पावण्याला न्हाय कसं म्हणायचं?" वस्ताद दारात उभे राहिले.

पिराजी घोंगड्यावर बसला. पावण्यानं पट्टी सोडली, तेल लावलं, आणि दोन्ही अंगठे डाव्या गुडघ्याच्या वाटीभोवती फिरवू लागला. डोळे मिटून. पाय दुमडला, सरळ केला, घोट्याला धरून हलकेच पिळला. पिराजी ठरल्याप्रमाणं "आय गं" म्हणाला. जरा उशिरा म्हणाला.

पावण्यानं डोळे उघडले.

"ह्यात तर काय न्हाय."

"असं कसं?" मी म्हणालो. "रातीला झोप न्हाय त्येला."

"ह्योच पाय न्हवं?"

पावणा पिराजीकडं बघत होता आणि पिराजी पावण्याकडं. मला वाटलं, पिराजी वस्तादांकडं बघेल. त्यानं बघितलं नाही.

"ह्योच," पिराजी म्हणाला.

"नक्की?"

"नक्की."

"दुसरा बी बघतो. जोडीचं बघाय लागतंय, मगच फरक कळतोय."

वस्ताद दारातनं आत आले. "पावणं, घरात एक खोली दाखवली की माणसानं दुसरीचं दार ढकलू नये." सगळे हसले. पावणाही हसला आणि हात पुसू लागला. हात पुसायला त्यानं फार वेळ घेतला.

बुधवार. सांगितलं:

नंतर नळावर पावण्यानं मला विचारलं, पिराजी आईला कधी भेटला शेवटचा.

"आई हाय ह्ये त्येला कुणी सांगितलं?" वस्ताद ताडकन म्हणाले. "घरापतुर गेल्यात म्हंजे! उद्या तिला गाठतील. पैशाला भुलतंय बाईमाणूस."

*

गुरुवारी पावणा निघाला. वस्तादांच्या पाया पडून म्हणाला, "पोराच्या पायात काय न्हाय. मनातनं काढून टाका म्हणावं. बिनघोर लढू दे."

तो वळणावरनं दिसेनासा होईपर्यंत वस्ताद गंभीर होते. मग जे हसत सुटले! "बिनघोर! आपल्याला गाफील ठेवाय बोलतोय त्यो. आता धर म्हणावं हंबीररावला डावा पाय. धर, रगड, चाव!" त्यांनी सगळ्या तालमीला थंडाई पाजली. कशाबद्दल, हे बाकी कुणालाच कळलं नाही.

गुरुवार. सांगितलं नाही:

मी पावण्याला एसटी स्टँडपर्यंत सोडायला गेलो होतो. खरोखर गाडीत बसतो का, हे बघायला. पायरीवर पाय ठेवून तो थांबला.

"तुम्ही त्येचं जोडीदार. चार दिवस माज्या मागं कुत्र्यागत फिरलासा, मी काय बोललो न्हाय. पर कायतरी असंल तर आत्ता सांगा. मी उतरतो."

कंडक्टरनं घंटी मारली.

"काय न्हाय," मी म्हणालो.

*

रविवार, बारा वाजता. तालमीत मी एकटाच खाली होतो. दारात एक बाई. डोक्यावरचा पदर घामानं भिजलेला, काखेत भाकरीचं गठुडं.

"पिराजी पैलवान हितंच ऱ्हातो न्हवं? मी चिमणाबाई. आई त्येची. कागलच्या गाडीनं आलो."

पाणी दिलं. ती उभ्यानंच प्याली.

"पोरगं शिमग्याला आलतं. जेवायला बसताना भिंतीला धरून बसलं. मला काय सांगंना. म्हटलं वस्तादांस्नी म्हाईत न्हाय वाटतं, कळलं तर कुस्तीतनं काढतील, म्हणून लपवतंय. मग सयाजीला गाठला, माज्या म्हायेरचा. म्हटलं, तालमीत पावणा म्हणून जा. पोराला तिथल्या कुणापुढं उघडं पाडू नगंस. नुसता पाय बघ आन् मला सांग." तिनं तोंड पुसलं. "धड हाय म्हणाला सयाजी. म्हणून कुस्ती बघाय आलो. न्हायतर आज हाताला धरून घरी न्हेनार हुतो."

मी तिला सावलीत बसवलं आणि माडीवर धावलो. वस्ताद फेटा बांधत होते.

मी सांगितलं. सगळं. एसटीच्या पायरीवरचंसुद्धा.

वस्तादांचा हात फेट्यातच राहिला. ते खिडकीशी गेले, खाली बसलेल्या बाईकडं बघत राहिले. मला वाटलं, आता हे खाली उतरतील आणि तिच्यापुढं हात जोडतील.

"आकाराम."

"जी."

"हीच त्येची आई कशावरनं? तू आदी कवा बघितलीवतीस?"

*

पिराजी आतल्या खोलीत उताणा पडला होता, उजव्या गुडघ्याखाली उशी. वरून सूज दिसत नव्हती, पण हात लावला तर चटका बसत होता.

"तुजी आई आल्या. आन् त्यो पावणा—"

"सयाजीमामा," पिराजी म्हणाला. "सात वर्साचा असताना माजा कोपर बसवला त्येनं. पयल्या दिवशीच वळखलं मी."

मी दार लावून घेतलं.

"आन् तरी डावा दिलास?"

"मग काय उजवा देऊ? त्येनं आईला सांगितलं असतं, आई आली असती. फोटू छापलाय माजा, आकाराम. पुन्यांदा कोण छापतंय?" तो कोपरावर उठला. "वस्तादांनी डावा दाखवाय सांगितला नसता, तर मीच सांगितला असता. तुम्ही दोघं त्येच्यावर नजर ठेवत हुता. माज्यावर कुणी ठेवली?"

"पाय जाईल, पिऱ्या."

"माजा हाय. जाऊ दे." मग हळू आवाजात, "आईला बोलशील तर बघ."

*

तीन वाजता तालमीची माणसं हलगी वाजवत पुढं गेली. मी मागं राहून चिमणाबाईबरोबर चाललो, तिचं गठुडं माझ्या हातात. रस्त्यावर धूळ, सायकली, शेंगावाले. ती सारखी विचारत होती. बायकांनी कुठं बसायचं? लई जोरात आपटत्यात का? जिंकला तर गळ्यात काय घालत्यात? मी उत्तरं देत होतो.

"आन् पाय धड हाय न्हवं त्येचा? तुमी जोडीदार, तुमाला म्हाईत असंल."

मैदानाच्या दरवाजापासून आम्ही वीस पावलांवर होतो.

"मावशी, उजवा हाय."

"काय उजवा?"

"सयाजीमामांनी डावा बघितला. आमी डावाच दाखवला. मोडलाय त्यो उजवा."

तिनं मला शिवी दिली नाही. माझ्या हातातलं गठुडं काढून घेतलं, काखेत मारलं, आणि ती गर्दीत घुसली. पुरुषांच्या दरवाजानं. तिकीट विचारणाऱ्याला तिनं कोपरानं बाजूला सारलं.

जोडीचं नाव पुकारलं होतं. पिराजी आणि हंबीरराव मातीत उभे होते, पंच त्यांच्या मधे. चिमणाबाई हौद्याच्या कडेला पोचली आणि लोकांच्या डोक्यांवरनं ओरडली, "पिऱ्या! पाय दाव त्यो उजवा! हितं सगळ्यांफुडं दाव!"

हलगी बंद पडली. पिराजीनं आईकडं बघितलं. मग तिच्या मागं मला शोधलं.

पंचानं उजव्या गुडघ्याला हात लावला मात्र, पिराजी मातीत बसला.

कुस्ती झाली नाही. गावात पुढं महिनाभर बोलणं होतं. कुणी म्हणे, हरणार म्हणून बाई भाड्यानं आणली. कुणी म्हणे, हंबीररावाच्या लोकांनीच मिटवली. वस्तादांनी त्या दिवसापासून माझ्याशी बोलणं टाकलं. मी कुणाकडनं काय घेतलं, याची त्यांनी तीन ठिकाणी चौकशी केली, असं कानावर आलं.

दीड महिन्यानं मी हातकणंगल्याला गेलो. सयाजीमामाच्या पडवीत पिराजी बाजेवर होता, पायाला कामट्या. पाय जागी बसला होता. चालता येईल, मामा म्हणाले, शेत करता येईल. लढता येईल का, हे ते बोलले नाहीत, मी विचारलं नाही.

मी बाजेच्या पायथ्याशी उभा राहिलो. पिराजी आढ्याकडं बघत होता. चिमणाबाई चुलीपुढनं उठून दारात आली, तेव्हा तो तिला म्हणाला,

"आई, त्येला च्या दे. लांबनं आलाय. मग जाऊ दे त्येला."