न धुतलेलं रीळ

बातमीपटाच्या कचेरीत त्याला सगळे ‘खांब’ म्हणत. कितीही धक्काबुक्की होवो, हा कॅमेरा रोवून जागचा हलायचा नाही. पूर आले, पूल पडले, मंत्री आले नि गेले. तीस वर्षांत याच्या हातून एक दृश्य निसटलं नाही. पण एका धरणाचं उद्घाटन टिपायला तो परगावी गेला, आणि मागे घरी चार वर्षांची लेक तापानं गेली.

निघायच्या आदल्या दिवशी कॅमेऱ्यात उरलेल्या तुकड्यावर त्यानं तिला गच्चीत टिपलं होतं. जेमतेम मिनिटभर. तिचं हलतं चित्र असं तेवढंच. काळ्या कागदात गुंडाळलेलं ते रीळ डब्यात बंद होऊन कपाटात पडलं. रसायनात धुऊन चित्र उमटवायला द्यायचा धीर होईना.

“अहो, एकदा दाखवा की मला,” बायको म्हणायची.

“बघू.”

बघू बघू म्हणता अकरा वर्षं सरली. निवृत्तीला आठवडा उरला तेव्हा कुठे त्यानं रिळं धुणाऱ्या म्हाताऱ्याला गाठलं.

“अकरा वर्षं? अरे देवमाणसा, लेकरू अंधारात कोंडलंस की! आण दुपारी. माझ्या हातानं धुतो.”

दुपारी तो दोन दोन पायऱ्या गाळत जिना चढला. बायको खिडकीशी बसली होती. मांडीवर उघडा डबा, आणि रिळाची भेंडोळी पार दारापर्यंत.

“सकाळी म्हणालात ना, आज नेणार म्हणून? म्हटलं, नेण्याआधी डोळे भरून बघून घ्यावं. उजेडात धरून धरून डोळे दुखले, पण यात काहीच नाही हो. नुसती राखाडी पट्टी.”

न धुतलेल्या रिळाला उजेड लागला की चित्र जळालंच, हे कचेरीतल्या शिपायालाही ठाऊक होतं. घरात मात्र त्यानं कधी सांगितलं नव्हतं.

“असे काय बघता? माझ्या हातून काही झालं का?”

तो खाली बसला. सवयीनं कडेला धरून पट्टी गुंडाळू लागला.

“तुझ्या हातून काय व्हायचंय? माझंच चुकलं. भिंगावरचं झाकण काढायचं राहिलं असणार त्या दिवशी.”

तिनं रिकामा डबा मांडीवरून खाली ठेवला.

“साऱ्या जगाचे पुढारी टिपलेत. आणि पोटच्या पोरीच्या वेळी झाकण?”

त्यानं मान खाली घातली. हा बोल आता जन्मभराचा. असू दे.

पट्टी गुंडाळून झाली तेव्हा तिनं विचारलं, “काय करत होती ती?”

“वाळत घातलेल्या चादरीमागे लपली होती. मग डोकं बाहेर काढलं, हसली. धावत आली, इतकी जवळ की मला नुसते केस दिसले.”

“अंगात काय होतं?”

“फ्रॉक. फिकट.”

“फिकट म्हणजे? रंग सांगा ना.”

त्यानं डोळे मिटले. ते मिनिट अकरा वर्षं त्यानं मनातल्या मनात चालवलं होतं, पडद्यावर उमटेल तसंच, काळं-पांढरं. रंग काही सापडेना. ती वाट बघत राहिली.