यादीतली नावं

भूकंपानंतर किल्लारीच्या आसपास एक शहाणपण घरोघर रुजलं होतं. यादी निघाली की आधी नाव घालायचं, कशाची ते मागाहून विचारायचं. पत्रे, ब्लँकेटं, घर, सगळं यादीवरच मिळालेलं. म्हणून नव्या गावातल्या सरकारी घरांच्या भिंती तडकल्या आणि तहसीलवर मोर्चा निघाला, तेव्हा गुरम्माने निवेदनाखाली तिन्ही नावं घातली. स्वतःचं, लातूरला क्लास करणाऱ्या लेकीचं, अंजूचं, आणि कागदोपत्री घर अजून ज्याच्या नावावर होतं त्या नवऱ्याचं, सिद्धलिंगचं. तो तर भूकंपातच गेला होता.

मोर्चावर लाठ्या पडल्या. गुन्हा मात्र मोर्चावाल्यांवर, दगडफेकीचा. आरोपींची नावं निवेदनावरून जशीच्या तशी उतरवलेली.

महिनाभरात अंजू तलाठ्याच्या परीक्षेत निवडली गेली. सोमवारपर्यंत पोलिसांचा चारित्र्याचा दाखला हवा होता. गुरम्मा क्लासच्या हजेरीची नक्कल घेऊन ठाण्यात गेली.

"मोर्चाच्या दिवशी पोरगी लातुरात होती, जमादार. ही बघा हजेरी."

"मंग नाव कशाला घातलंस, मावशे?" शेषेराव जमादाराने विचारलं.

"नाव नसलं तर काही मिळत न्हाई, हे सरकारनंच शिकवलं."

"मिळालं की मग," तो हसला. "आणि नवरा कुठाय? फरार लिहिलाय."

"जुन्या गावात हाय. माती देऊन आठ वर्षं झाली."

आतून फौजदार आले. त्यांनी हजेरीकडे पाहिलंही नाही. कोरा कागद पुढे ओढला.

"दगड मारणारी पाच नावं सांग. पोरीचं आत्ता काढतो."

गुरम्माने दगड मारणारं कुणी पाहिलं नव्हतं. तिच्या डोळ्यांपुढे आली ती मोर्चात बरोबर असलेली शेजारची पंचशीला. भूकंपाच्या पहाटे अंजूला तिनेच हातांनी माती उपसून बाहेर काढलं होतं.

"लिहा," गुरम्मा म्हणाली. "सिद्धलिंग."

"पुढं?"

"एवढंच. मेलेला माणूस तुमच्या कागदावर फरार होतो, तर दगड बी मारत असंल. जावा, हुडका त्याला."

फौजदारांनी कागद चुरगाळला. "पोरीची नोकरी घालवलीस."

"म्या न्हाई, साहेब."

दाखला मिळाला नाही. सोमवार गेला आणि निवडयादीतून अंजूचं नाव कापलं गेलं.

त्याच आठवड्यात गावाने नवं निवेदन लिहिलं: खोटे गुन्हे मागे घ्या. गुरम्मा सवयीने अंजूचं नाव घालायला गेली. अंजूने पेन काढून घेतलं आणि पंचशीलाच्या अंगठ्याशेजारी स्वतःच सही केली.