हाताची हळद

...गळ्यातलं हळकुंड पुन्हा मानेच्या खळगीत रुतलं, आणि बनुबाईनं ते बोटानं चाळवून थोडं खाली ओढलं. डोरल्याचे मणी असे रुतत नसत. मणी गळ्यात आहेत हेच मुळी ध्यानात राहत नसे, लग्नापासून अंगाला घासून घासून ते कातडीसारखेच होऊन गेले होते. हे मात्र सारखं सांगत होतं – मी आहे, मी आहे. करंगळीएवढं, गुळगुळीत, दोन्ही टोकांना सारखं निमुळतं...

काल कामावरच डोरल्याचा दोरा तुटला. हळद घासायच्या ढोलाच्या तोंडाशी वाकून ती हळद ओढत होती, आणि मणी टपटप ढिगात पडले. बरोबरच्या तिघी आधी मण्यांकडे पाहत राहिल्या, मग तिच्या गळ्याकडे. नवरा लामावर, ब्रह्मदेशाच्या लढाईत, रानात कुठंतरी, जिवंत आहे असं धरून चालायचं... अशा बाईचा गळा बोडका राहून कसं चालेल? तिनं डोळे मिटून ढिगात हात घातला, हाती आलं ते हळकुंड पोत्याच्या सुतळीत अडकवलं आणि गळ्यात बांधलं. ढोलातून नुकतंच पडलेलं, अजून कोमट. आपल्याकडं बायका बांधतातच, डोरलं ओवून येईपर्यंत. मणी पटवेकऱ्याकडे गेले. हळकुंड राहिलं.

रात्री सुतळी काढून तिथं दोरा घातला, आणि तेव्हा दिव्याजवळ बसल्यावर तिच्या लक्षात आलं की आपल्या गळ्यात त्या ढोलाचं काम आहे. त्या तिघी सोडल्या तर ही गोष्ट सांगलीत दुसऱ्या कुणाला कळायचं कारण नव्हतं.

सकाळी पेठेतल्या बोळातून शेडकडे जाताना तिनं पदर गळ्याशी आवळून घेतला होता. लांबून इंजिनाचा आवाज येत होता, फट्-फट्-फट्, आणि त्याच्याबरोबर पायाखालची फरशी बारीक थरथरत असल्यासारखं वाटत होतं. पूर्वी याच बोळातून तीस जणी जात. एकीचं लुगडं दुसरीच्या लुगड्याला घासे, कुणाची सासू, कुणाचा दीर, सगळ्यांची खिल्ली उडवत शेड गाठायची. तरटात हळकुंडं गुंडाळून टाचेनं दगडावर रगडायची, वरचं साल निघालं की मोकळी करून एकेक हातानं चोळायची. संध्याकाळी तीस जणींचे साठ हात आणि साठ टाचा पिवळ्या. घाटावर धुतलं तर कृष्णेचं पाणी पायाशी पिवळं व्हायचं.

आता चौघी. दोघी ढोलात हळद ओतायला, दोघी काढायला. हात तर आता नावालाच पिवळे.

आणि चौघींत आपण.

– का, ते सगळ्या पेठेला माहीत आहे. म्हणजे माहीत आहे असं पेठेला वाटतं.

ढोल माघात आला. लाकडी पट्ट्यांचा, आतून जाळी, मधून लोखंडी दांडा, आणि त्याला इंजिनाचा पट्टा. बायका म्हणाल्या, टोकं मोडतील. म्हणाल्या, हळद तापंल, वास जाईल. नानासो, शेडचे मालक, पानाचा विडा गालात धरून ऐकत राहिले. मग ओरडून नाही, समजावून सांगावं तसं बोलले, आणि ते बोलणं बनुबाईला अजून जसंच्या तसं ऐकू येतं:

"बायांनो, लढाई आज ना उद्या संपंल. मग मुंबईचा गिऱ्हाईक आपल्याला विचारणार न्हाई. सगळीकडं कारखानं निघाल्यात. आपला मुलूख मागं का राहिला सांगा? सगळं हातानं चालतंय, म्हणून."

तिनं तेव्हा नकळत हात पदराखाली घेतले होते. मुलूख म्हणजे केवढा – तिचं माहेर वाईकडचं, तिथपासून खाली इथपर्यंत कृष्णाकाठ सगळा, तो सगळा मागं राहिला, आणि कशामुळं, तर या हातांमुळं? वाईच्या रानात काहिलीत हळद शिजायची, आई वाफेत उभी असायची, तिची बोटं म्हातारपणी हळकुंडासारखीच वाकडी झाली होती. त्या बोटांनी मुलूख मागं ओढला होता?

रंगूआक्का मात्र ऐकणारी नव्हती. शेडमध्ये सगळ्यात जुनी तीच. ती उठून म्हणाली, मालक, हाताची हळद ती हाताची हळद, आंधळ्यालाबी कळंल. नानासो म्हणाले, मग बघू या की. आंधळ्याला नको, तुमच्यातल्याच एका बाईला कळू दे.

दोन सुपं मांडली. एकात बनुबाईनं घासलेली, एकात ढोलाची, दोन्हींवर फडकं. बनुबाईनं घासलेली, कारण रंगूआक्कानंच सांगितलं होतं की हिच्यासारखा हात कुणाचा नाही. आणि ओळखायचंही तिनंच. मुकादम धुळानं फडकी काढली. बायका हसत होत्या. जिंकलोच आहोत अशा हसत होत्या.

डावं सूप. उजवं सूप.

उजव्यातली हळद जरा मळकट, कुठं साल राहिलेलं, बोटाच्या पेरांसारख्या आडव्या रेघा. डाव्यातली... डाव्यातली लख्ख, प्रत्येक हळकुंड सारखं, उन्हात धरलं तर आतून उजेड आल्यासारखं. सणाच्या दिवशी आई देवापुढं ठेवायची तसं. आयुष्यभर हात जशी हळद करायला बघत होते तशी.

तिनं डाव्या सुपावर हात ठेवला.

नानासो हसलेसुद्धा नाहीत. "व्हय? बरं," एवढंच म्हणाले, आणि सूप उलटून दाखवलं. तळाला कोळशानं फुली काढली होती – ढोलाची.

मी ओळखलं नाही. माझ्या हाताचं काम माझ्यापुढं होतं आणि मी म्हटलं, हे माझं नव्हे.

बोळात रंगूआक्कानं तिला गाठलं होतं. रागावलेली नव्हती, ते जास्त वाईट होतं. डोळ्यात डोळे घालून म्हणाली, बने, तू मुद्दाम केलंस. त्या वेळी बोलायला हवं होतं. न्हाई आक्का, मला वळखूच आलं न्हाई – एवढेच तर शब्द. पण ते तोंडाशी आले आणि तिला दिसलं की मुद्दाम केलेल्या बाईला शेजारणी शिव्या देतील, फार तर वर्षभर बोलणार नाहीत. पण स्वतःचा हात न ओळखणाऱ्या बाईकडं त्या कशा बघतील... कीव करतील. ती गप्प राहिली. ते गप्प राहणं म्हणजे होकार झाला. दुसऱ्या दिवशी धुळानं चौघींत तिचं नाव घेतलं तेव्हा तो होकार पक्का झाला. मालकाला फितूर झालेली बाई. तिनं ते नाव अंगावर घेतलं, पांघरुणासारखं. निदान आत काय आहे ते कुणाला दिसत नव्हतं.

आणि आज सकाळी शेडच्या दाराशी रंगूआक्का उभी होती.

इतक्या दिवसांत पहिल्यांदा. रोजगार गेल्यापासून ती हरिपूरच्या बाजूला रानात तण भांगलायला जाते असं कानावर होतं. काळवंडली होती. हातात फडक्याचं गाठोडं. बनुबाईचे पाय जागीच थांबले. 

"आज सुलीची हळद हाय," आक्का म्हणाली. सुली म्हणजे आक्काची लेक सुलाबाई. तान्ही असताना याच शेडमध्ये तरटावर निजायची. "उन्हं कलली की कुटायची. पाच सवाशिनींत तू हायस."

बनुबाईनं पदर गळ्याशी आणखी आवळला.

"आन् ही घासून दे." गाठोडं पुढं आलं. आत शिजवून वाळवलेली हळद, सालासकट. त्या शेडचा रिवाजच होता तो. कुणाच्याही घरी लग्न निघालं की बाकीच्या तिची हळद मजुरी न घेता घासून देत, लग्नाच्या हळदीला सगळ्यांचा हात लागला पाहिजे म्हणून. "ढोलात टाकू नगंस. तुझ्या हाताची पायजे. बाकीच्या पांगल्या, कुणाला सांगू?"

मग आवाज खाली आणून: "तवाचं मनात धरू नगंस, बने. तुला वळखू आलं न्हाई आसं कोण म्हनंल? तुझा नवरा तिकडं, घरात म्हातारी सासू. तुझ्या जागी मी आसती तर मीबी डावंच सूप दावलं आसतं."

बनुबाईनं गाठोडं घेतलं. ते तिनं छातीशी घट्ट धरलं, आणि आक्काला ते मायेनं धरलं असं वाटलं असणार. आक्कानं तिचा दंड दाबला आणि ती गेली – माफ करून गेली, पण न केलेल्या पापाला. केलेलं तिथंच राहिलं.

दुपारी इंजिन बंद पडलं. तेलाचं रेशन आलं नव्हतं. धुळा दोन शिव्या हासडून म्हणाला, लढाईवाल्यांच्या मोटारी आधी, आपला ढोल मग. जावा घरी. एकदम एवढी शांतता झाली की चौघी एकमेकींकडं बघायला लागल्या. निघताना ढिगाकडं तिची नजर गेली. लख्ख ढीग. ओटीत एवढीशी घेतली तर कुणाला कळणार... सुलीच्या लग्नाला चांगली हळद होईल. आक्काला कळणारसुद्धा नाही. का कळेल? कळलं तर काय, आणि नाही कळलं तर काय – दोन्हींतल्या कशाचं भय जास्त वाटतंय हे तिला ठरवता येईना. ती तशीच घरी आली.

घरामागं परड्यात दगड होता. तरट अंथरलं, टाच ठेवली. सासूनं आतून विचारलं, काय गं, कसला आवाज? रंगूआक्काची हळद, तिनं सांगितलं. म्हातारी म्हणाली, लय दिसांनी ऐकला. बनुबाई रगडत राहिली. टाच मऊ पडली होती, चुरचुरली. मग एकेक हातानं चोळायचं... साल निघत होतं, तळवे पुन्हा पिवळे होत होते, आणि तिला वाटलं आता उमगेल, हातांना आठवेल, हे माझं असं आतून कुणीतरी म्हणेल. एकेक हळकुंड उन्हात धरून तिनं पाहिलं. मळकट. आडव्या रेघा. कुठं साल राहिलेलं. वाईट नव्हतं, पण कुणाचंही असतं. सुलीच्या ढिगातलं एक आणि गळ्यातलं एक शेजारी धरलं, आणि डोळे पुन्हा गळ्यातल्याकडेच गेले. आई, तुला तरी वळखू आलं आसतं का गं तुझं?

तिनं तीच हळद फडक्यात बांधली. आपलीच. ढोलाची घेतली नाही हे काही फार मोठं नव्हे, पण तेवढं झालं.

रंगूआक्काच्या दारात मांडव लहानसा होता, आंब्याच्या डहाळ्या बांधलेला. पांगलेल्या बायकांतल्या बऱ्याच आल्या होत्या. ढोलावरच्या बाकीच्या तिघी मात्र नव्हत्या. बनुबाई आली तशी बोलणी थांबली. कुणीतरी म्हणालं, आल्या ढोलवाल्या. दुसरी म्हणाली, इंजान कुठं ठेवलं वो? हसू उठलं. आक्कानं मागं वळून नुसतं बघितलं, तेवढ्यानं ते बसलं.

"आज जी ती सवाशीन हाय," ती म्हणाली, आणि बनुबाईला उखळापाशी ओढून तिनं कपाळाला हळदीकुंकू लावलं. मुसळाला आंब्याची पानं बांधली होती. फडकं सुटलं, हळद सुपात पडली. कुणी काही म्हणालं नाही, कुणी निरखून बघितलंसुद्धा नाही. लग्नाची हळद, कुटायचीच तर होती.

इचलकरंजीहून आक्काची भाची आली होती, उमा. तिचा नवरा तिथं यंत्रमागावर. तिनं सहजच विचारलं, मावशी, हाताच्या आन् यंत्राच्या हळदीत फरक काय आसतोय?

"फरक?" आक्का हसली. सुपाकडं तिचा हात गेला नाही. तिनं बनुबाईच्या गळ्यातलं हळकुंड दोन बोटांत धरलं, दोऱ्यासकट पुढं ओढलं, पोरीपुढं उजेडात केलं. "ही बघ. ही बनीच्या हाताची. टोकं बघ कशी शाबूत हायती. अंग बघ. तीस वर्सं काढली मी यात. आसं यंत्राला जमंल व्हय गं?"

बायका वाकून बघू लागल्या. व्हय की. हाताचं ते हाताचं.

बनुबाईची मान दोऱ्यानं पुढं ओढली गेली होती, आक्काचं तोंड अगदी जवळ होतं, सुरकुत्यांत उन्हाचा रंग, आणि डोळ्यांत ती जुनी, शेडमधली ऐट. आक्का, ही ढोलातली हाय... शब्द जिभेवर होते. ते म्हटले की संपलं: आक्कालाही ओळखू आलं नाही, मग मी एकटी कुठं? आणि छातीतून काहीतरी इतकं हलकं वर आलं की तिला हसूच फुटेल असं वाटलं. त्या हलकेपणाचीच तिला लाज वाटली. माघापासूनच्या लाजेहून ही वेगळी होती, हिला अजून नाव नव्हतं. तीस वर्षं. भर बायकांत. नानासो हसलेसुद्धा नव्हते... त्या दिवशी सूप उलटताना त्यांचा हात कसा सावकाश फिरला ते तिला दिसलं. आता उलटायचं सूप तिच्या हातात होतं.

"व्हय ना गं?" आक्का म्हणाली.

बनुबाईनं मुसळ धरलं. पलीकडून आक्कानं धरलं. दोघींनी मिळून उचललं आणि खाली सोडलं, आणि मान हलली ती होकाराची की घावाची हे तिचं तिलाच कळलं नाही. आक्कासाठी गप्प राहिले की पुन्हा स्वतःसाठीच... बायकांनी गाणं धरलं. प्रत्येक घावाला हळकुंड छातीवर आपटत होतं, आणि आक्काच्या बोटांत राहून ते कोमट झालं होतं, ढोलातून निघताना होतं तितकंच.