दोन कानांचे दोन सूर

एकवीस वर्षं बाई ऑपेरात गायल्या. सोप्रानो, म्हणजे बायकांच्या आवाजातली सगळ्यात वरची पट्टी. माइक नाही, समोर साठ वाद्यं, आणि त्यांच्यावरून शेवटच्या रांगेपर्यंत पोचायचं. क्षयाने खंगून, विष पिऊन, नाना तऱ्हांनी त्या स्टेजवर मेल्या आणि दर वेळी उठून टाळ्या घ्यायला पुढे आल्या. सेहेचाळिसाव्या वर्षी गळ्याने हात टेकले. बाईंनी फार शोक केला नाही. पुढच्या खोलीत पियानो मांडला आणि शिकवायला लागल्या. गळा गेला तरी कान शाबूत होता, आणि त्या कानाचा दरारा होता.

शिष्या पुष्कळ आल्या-गेल्या, पण जीव जडला तो चिमणीवर. अंगाने एवढीशी, म्हणून हे नाव. तोंड उघडलं की मात्र तावदानं थरथरत. औषधांच्या दुकानातली नोकरी सांभाळून ती सहा वर्षं शिकत होती.

गेल्या वर्षी बाईंना वाटायला लागलं की पियानो उतरलाय. शिकवताना तो त्यांच्या डाव्या हाताला असायचा, चिमणी उजवीकडे उभी. तिचा सूर वर, याचा खाली. त्यांनी पियानो लावणाऱ्या मास्तरांना बोलावलं. मास्तरांनी तार न तार तपासली आणि सगळं ठीक असल्याचं सांगितलं. महिन्याभराने परत बोलावलं, परत तेच उत्तर. म्हणजे पोरगीच चढी गातेय, असं बाईंनी धरलं आणि हात धुऊन तिच्या मागे लागल्या. किंचित खाली घे. अजून थोडं. चिमणी आधी गांगरली, मग मुकाट्याने शिकली. आठ महिन्यांत तिचा सूर बाईंना हवा तिथे येऊन बसला.

मग ऑपेरा कंपनीची निवड चाचणी आली. तिला दुसऱ्याच ओळीला थांबवलं. चार दिवसांनी पत्र आलं, की आवाज उत्तम आहे, पण सूर सारखा खाली राहतो. बाईंच्या अंगाचा तिळपापड झाला. त्या परीक्षकांना कान तरी आहेत का, असं दिवसभर म्हणत राहिल्या, आणि सगळा राग पियानोवर काढून त्यांनी मास्तरांना तिसऱ्यांदा बोलावलं.

मास्तर म्हातारे, बोलायला कंजूष. या खेपेला त्यांनी पियानो उघडलाच नाही. खिशातून सूर जुळवायचा काटा काढला, गुडघ्यावर आपटला आणि बाईंच्या डाव्या कानाशी धरला. मग पुन्हा आपटून उजव्या कानाशी.

"हा दुसरा काटा चढा आहे," बाई म्हणाल्या.

"बाई, माझ्याकडे एकच काटा आहे."

बाईंनी तो हातात घेतला. स्वतः आपटून पाहिला, दहा वेळा तरी. डावीकडे एक सूर, उजवीकडे दुसरा. मास्तर आपल्या बुटांकडे बघत बसले होते.

कानाच्या डॉक्टरांनी तासभर तपासलं. वयाने असं होतं, म्हणाले. उजव्या कानातल्या बारीक पेशी मेल्यात, त्या परत येत नाहीत. यंत्राने आवाज मोठा होईल, सरळ होणार नाही. डावाही कधीतरी त्याच वाटेने जाईल, कधी ते सांगता येत नाही. एरवी माणसाच्या हे लक्षातही येत नाही, गाणाऱ्या म्हणून तुम्हाला कळलं, असं ते जवळजवळ कौतुकाने म्हणाले.

बाईंनी सर्दीचं निमित्त काढून आठवडाभर शिकवणी टाळली. शेवटी चिमणीला समोर बसवून सगळं सांगितलं. सांगताना तिच्याकडे बघवेना.

"मला ऐकू येत होतं," चिमणी म्हणाली. "पियानोशी जुळत नाही ते. पहिले दोन महिने."

"मग बोलली का नाहीस?"

"तुम्ही सांगत होतात ना. मला वाटलं, तुम्हाला ऐकू येतंय ते मला अजून येत नाही."

आवाजात राग नव्हता. तो असता तर बाईंना बरं वाटलं असतं. त्यांनी दुसऱ्या एका शिक्षिकेचा पत्ता लिहून दिला. चिमणीने तो घडी करून ठेवला आणि नेहमीच्या जागी जाऊन उभी राहिली. मग बाईंनी उजव्या कानात कापूस घातला, पियानोची एक पट्टी दाबली आणि तिला सूर लावायला सांगितला.

सूर खाली होता, स्वच्छ खाली. आपल्याच हातची आठ महिन्यांची करणी बाई पहिल्यांदा ऐकत होत्या.

"वर घे," त्या म्हणाल्या. चिमणीने घेतला, तो फार वर गेला. तिने उतरवला, पुन्हा चढवला, मध्येच सोडून दिला, पुन्हा लावला.

"आता बरोबर आहे?"

बाईंना बरोबर वाटत होता. पण असंच वाटलेलं त्यांनी आठ महिने या पोरीच्या गळी उतरवलं होतं.

"तूच सांग," बाई म्हणाल्या.

चिमणीने डोळे मिटून तोच सूर परत लावला, बराच वेळ धरून ठेवला. मग डोळे उघडून तिने नकारार्थी मान हलवली. तिलाही आता कळत नव्हतं.