निर्मनुष्य गल्लीचा जाहीरनामा

कथेला जसा हुंकार लागतो, तसा त्या राज्यात सरकारच्या जाहीरनाम्याला 'ऐकलं' लागत असे. सही झाली, शिक्का बसला, तरी कागद तो कागदच. सरकारी वाचकाने लोकांच्या दारात उभं राहून तो मोठ्याने वाचायचा, शेवटी "ऐकलं का?" म्हणून विचारायचं, आणि ऐकणाऱ्यांपैकी एकाने तरी "ऐकलं" म्हणायचं. त्या एका शब्दाने कागदात जीव यायचा. मग त्याच्यापुढे कुणाचं काही चालत नसे.

आपला वाचक या कामात मुरलेला. आवाज खणखणीत, शब्द स्वच्छ. लोक त्याला पाठीमागे 'सरकारी पोपट' म्हणत आणि समोर आला की चहा विचारत. कर उतरल्याचे, पूल बंद झाल्याचे, कुणा थोर माणसाच्या नावाने दिवस पाळण्याचे, असे नाना जाहीरनामे त्याने वाचले आणि रात्री सुखाने झोपला. पण आताचा हा कागद त्याच्या घशात हाडकासारखा अडकला होता. त्यात लिहिलं होतं, की नदीकडची गल्ली निर्मनुष्य झाली असल्यामुळे ती दोन्ही तोंडांनी विटा रचून बंद करण्यात येत आहे.

त्या गल्लीत त्याची मावशी राहत होती.

बाकीचे केव्हाच पलीकडच्या काठावरच्या उंच इमारतींत गेले होते. म्हाताऱ्यांना तिथली हवा काही मानवली नाही. शिंपी गेला, पाववाला गेला, शाळेच्या बाई गेल्या. एकेकाला मातीत पोचवायला वाचक स्वतः हजर होता. मावशी तेवढी जागची हलली नाही. आईच्या माघारी तिने त्याला इथेच लहानाचा मोठा केला, लोकांच्या खुर्च्यांना वेताच्या बैठका विणून. आता तिच्या तोंडून 'ऐकलं' काढायचं, म्हणजे आपल्याच हाताने तिला उंबऱ्याबाहेर लोटायचं. "माझ्याकडे ये," असं तो किती वेळा म्हणाला. ती हसून विषय बदलायची.

म्हणून रोज दुपारी तो गल्लीत यायचा आणि वाचून परत जायचा. तो आल्यापासून मावशीच्या तोंडाचा पट्टा सुरू असे. पण त्याने कागद उलगडला रे उलगडला, की ती वेताची ओली पट्टी दातांत धरायची. विणणाऱ्यांना तशी सवय असतेच. मावशी मात्र त्याच्या कागदाची घडी होईपर्यंत पट्टी सोडायची नाही.

त्या दिवशी सकाळी साहेबांनी त्याला बोलावलं. "तुमची मावशी आहे म्हणून आजवर गप्प राहिलो," ते म्हणाले. "आज उत्तर आणा. नाहीतर उद्या दुसऱ्याला पाठवतो. त्याची काही ती मावशी नव्हे."

दुपारी तो गेला, तेव्हा मावशी दारात बसून विणत होती. समोर गल्लीत, नेहमीसारख्याच, विणून झालेल्या खुर्च्या वाळायला मांडलेल्या. सगळ्यांची तोंडं तिच्याकडे.

"आलास? तोंड का असं उतरलंय? स्वयंपाक तूच केलास वाटतं."

"मावशी, थट्टा नको. आज शेवटचं वाचतोय."

"हे तुझं शेवटचं मी ऐकत आलेय."

"खरंच सांगतो. उद्या दुसरा येणार आहे. तो दांडगा आहे गं. तुझ्या दातांतली पट्टी हिसकून घेईल, पण उत्तर घेतल्याशिवाय जायचा नाही. दात तरी किती राहिलेत तुला?"

त्याने कागद उलगडला. तिने पट्टी दातांत धरली.

वाचताना त्याची नजर खुर्च्यांवर गेली. वेत नवा, पिवळाधमक, आणि बैठका मात्र मधोमध खोल गेलेल्या. अजून कुणी न बसलेली बैठक अशी खचते कशी? वाऱ्याचं नाव नव्हतं, तरी कडेची खुर्ची जराशी करकरली. त्याने कसाबसा कागद संपवला.

"ऐकलं का?"

"ऐकलं," समोरून आवाज आला.

आवाज शिंप्याचा होता. टाचण्या ओठांत धरून बोलावं तसा, अर्धवट मिटल्या तोंडाचा.

"ऐकलं," दुसऱ्या खुर्चीतून शाळेच्या बाई म्हणाल्या.

"ऐकलं बाबा," पाववाला म्हणाला.

मावशीने पट्टी तोंडातून काढली. ती घाबरली नव्हती, संतापली होती. "तुम्हाला गप्प बसा म्हणून सांगितलं होतं ना मी?"

"उद्या तो तुझ्या अंगाला हात लावणार," शिंपी म्हणाला. "ते बघत बसायचं होय आम्ही?"

"मावशी," वाचकाने खुर्च्यांकडे बोट केलं, "हे... हे कधीपासून?"

"गेले तसे एकेक परत आले. तिकडे मन रमेना त्यांचं. मग बसायला नको काही?" तिने हातातली पट्टी खाली ठेवली. "तुला काय वाटलं, मी या दोन खोल्यांसाठी अडून बसले होते? खोल्या काय, तुझ्याकडेही आहेत."

खुर्च्या एकामागून एक करकरल्या. खोल गेलेल्या बैठका हळूहळू वर आल्या, सपाट झाल्या. दगडी फरशीवर पावलं वाजली. एक पाऊल फरफटत होतं. सगळी पावलं गल्लीच्या तोंडापर्यंत गेली आणि तिथेच थांबली.

"आता कुठे जायचं त्यांनी?" मावशीने विचारलं. "बघ तुझ्या कागदात."

वाचकाने कागद पुन्हा वाचला, या वेळी मनातल्या मनात. विटांचं माप होतं, चुन्याचं प्रमाण होतं. जायचं कुठे, ते कुठेच नव्हतं. इतक्यांदा मोठ्याने वाचूनही त्याच्या ते ध्यानात आलं नव्हतं. त्याची मान खाली गेली.

"माझ्याकडे," तो म्हणाला.

मावशी उठली. तिने सुरी आणि गुंडाळलेला वेत पिशवीत घातला, दार नुसतंच ओढून घेतलं. "पुढे हो. वाट तुला ठाऊक."

तो पुढे चालला. मागे मावशीच्या चपला वाजत होत्या, आणि त्यांच्याही मागे बरंच काही. बाजाराच्या रस्त्यावर माणसं बोलता बोलता बाजूला होत होती, मावशी निघून गेल्यावरही तशीच थांबून राहत होती, आणि आपण कशासाठी थांबलो ते आठवत एकमेकांकडे बघत होती. वाचकाने मागे वळून पाहिलं नाही. मनात मात्र देवाला म्हणाला, यांच्यातलं कुणी वाटेत चुकू देऊ नकोस.

घरी बायकोने मावशीला बघितलं आणि धावत जाऊन हाताला धरून आत नेलं. वाचक दार उघडं धरून उभाच राहिला. गार हवेची एक झुळूक त्याला चाटून आत गेली. मग आणखी एक.

"अहो, लावा ना दार," बायको आतून म्हणाली. "अजून कोण यायचंय?"

"शिंपीकाका," तो म्हणाला. "पाय अधू आहे त्यांचा. जिना चढायला वेळ लागतो."

खालच्या पायरीवर एक पाऊल फरफटलं. वाचक अंग चोरून जरा बाजूला सरकला.