ओठांवर बसणारे वाक्य

गेली अठरा वर्षे मी अशा चित्रपटांत काम करतो, की जे पाहून माझी सख्खी ताई विचारते, "अरे, यात गोष्ट सुरू कधी होते?" तिकीटबारीवर माश्या मारणाऱ्यांनाही आमची कीव येई. तरी मला या कामाची लाज वाटली नाही. कारण आमच्या दिग्दर्शकाचा दावा एकच होता आणि तो मला पटला होता: खोटे काहीही दाखवायचे नाही.

काल डबिंगच्या खोलीत हेडफोन चढवून मी पडद्यावर पाहिले, तर तेथे मीच होतो. हातात फोन, पाठ भिंतीला, आणि भिंतीवरून घसरत जमिनीवर. हे संहितेत नव्हते. आई गेल्याचे ताईने चित्रीकरणाच्या ठिकाणी फोन करून कळवले, तेव्हाचा तो क्षण होता. "तेवढं पुसून टाकलं, दादा," असे दिग्दर्शकाने त्याच दिवशी माझ्या गळ्यात पडून सांगितले होते.

"हे काढ," मी शेजारी उभ्या दिग्दर्शकाला म्हणालो.

"दादा, असा शॉट मागून मिळत नाही. जनरेटरच्या आवाजात तुमचं बोलणं बुडालंय, तेवढं भरा. नुसतं 'आई, आई' म्हणा."

"आणि नाही म्हटलं तर?"

"तुमच्या आवाजाची नक्कल करणारे पैशाला पासरी आहेत."

ध्वनिमुद्रण करणाऱ्या बाई काचेपलीकडून म्हणाल्या, "पण 'आई' बसायचं नाही, साहेब. यांचे ओठ दोनदा मिटतायत."

मिटणारच! त्या दिवशी मी आईला हाक मारलीच नव्हती. कॅमेऱ्याचा लाल दिवा पेटलेला पाहून मी ओरडलो होतो.

"लावा परत," मी म्हणालो. चित्र सरकू लागले आणि मी माइकपुढे शब्दन् शब्द तसाच ओरडलो:

"कॅमेरा बंद कर, हलकटा!"

वाक्य ओठांवर चपखल बसले. मला वाटले, आता याची दातखीळ बसेल. स्वतःला पडलेली शिवी कोण आपल्याच चित्रपटात ठेवील?

त्याचे डोळे चमकले. "अफाट! 'आई'पेक्षा हे शंभरपट भारी. हेच ठेवायचं!"

मी नखशिखांत पेटलो. दुःख त्याने चोरले होते. संताप मात्र मी माझ्या हातांनी त्याच्या ताटात वाढला होता.

"बाई, पुसा ते. आत्ताच्या आत्ता."

बाईंचा हात उचलला गेला आणि अधांतरी राहिला. त्यांनी माझ्याकडे नव्हे, त्याच्याकडे पाहिले.

"सेव्ह करा," तो म्हणाला.

माझ्या जिभेवर आणखी शंभर शिव्या होत्या. पण माइक चालू होता, म्हणून मी त्यांतली एकही दिली नाही.