दहापासून सुरू होणारा टेप

मित्रांनो, मी एक जुना पोलादी टेप आहे. तीस मीटरचा म्हणून विकला गेलो, पण आता तेवढाही उरलेलो नाही. सध्या पुण्यातल्या एका पोलीस चौकीच्या कपाटात, लाखेचे सील लावलेल्या पिशवीत पडून आहे. फार दमलो आहे, तरी सांगतो.

सरकारी बांधकामाच्या एका कचेरीने मला १९७१ साली बोहरी आळीतून विकत आणले. भैरू नावाचा मुकादम मला वापरायचा आणि काम संपले की तेलाच्या फडक्याने पुसायचा. आम्ही शाळा मोजल्या, दवाखाने मोजले, मंडईजवळची गटारेही मोजली. गटारांबद्दल कुणी कौतुक केले नाही.

पुढे एका दगडाखाली सापडून माझे टोक तुटले. पहिले दहा सेंटिमीटर गेले. नवा टेप मागायचा तर अर्ज, अर्जावर शेरा, शेऱ्यावर खुलासा. भैरूने मागितलाच नाही. तो माझे तुटके टोक भिंतीला लावून घेई, आकडा वाची, मनात दहा वजा करी आणि मोठ्याने सांगी. कनिष्ठ अभियंता यज्ञेश्वर साहेब सावलीत खुर्ची टाकून तो आकडा वहीत लिहीत. चौदा वर्षे हे बिनबोभाट चालले. भैरूला त्याचा अभिमान वाटे. मलाही वाटे, कबूल करतो.

मग भैरू निवृत्त झाला. दहाची गोष्ट त्याच्याबरोबरच घरी गेली. त्याच वर्षी खराडीजवळ ओढ्याकाठची जुनी दगडी भिंत दुरुस्त झाली. तिची जाडी जागोजागी वेगळी, त्यामुळे नकाशाशी ताडून पाहण्यासारखे काही नव्हते. नवा मजूर संभाजी दिसेल तो आकडा सांगत गेला, साहेब लिहीत गेले आणि ठेकेदाराला त्याप्रमाणे पैसे मिळाले.

वर्षभराने कुणीतरी तक्रार केली. फेरमोजणीत भिंत कमी भरली. सार्वजनिक पैशाचा अपहार म्हणून गुन्हा नोंदला गेला आणि त्यात साहेबांचे नाव पहिले. त्यांच्या निवृत्तीला पाच महिने उरले होते, आणि अटक आज होते की उद्या, एवढेच ठरायचे होते.

शनिवार पेठेतल्या वकील मंदाकिनीबाईंनी अटकपूर्व जामिनाचा, म्हणजे अटक होण्याआधीच मागायच्या जामिनाचा, अर्ज लिहायला घेतला. दोन्ही मोजण्या शेजारी ठेवून त्या म्हणाल्या, "अहो, लांबीत दहा, उंचीत दहा, जाडीतही दहा. वीस मीटर लांबीत दहा सेंटिमीटर चोरणारा चोर मी अजून पाहिलेला नाही. आपण मोजलंत कशाने?"

साहेब मला घेऊन खराडीला भैरूच्या घरी गेले. भैरूने मला लगेच ओळखले.

"साहेब, ह्यो दहापासनं सुरू हुतो. म्या कायम वजा करूनच सांगायचो."

"अहो, मग मला एकदा तरी सांगायचंत!"

"तुमी कधी टेप हातात घेतला का, साहेब?"

भैरूची बायको मैना आतून म्हणाली, "कशाला गुतताय? तुमालाबी आत घालतील." तरीही भैरूने दहाची हकिगत लिहिलेल्या प्रतिज्ञापत्रावर सही केली.

कोर्टात सरकारी वकिलांनी जोरदार विरोध केला. मंदाकिनीबाईंनी मला उलगडून न्यायाधीशांपुढे धरले. न्यायाधीशांनी चष्मा पुसून माझे तुटके टोक दोनदा पाहिले. जामीन मंजूर झाला. साहेबांनी दर सोमवारी चौकीत हजेरी द्यायची आणि टेप पोलिसांच्या स्वाधीन करायचा. साहेब बाहेर राहिले, मी आत आलो. खटला अजून उभा राहायचा आहे, आणि निर्दोष ठरेपर्यंत त्यांच्या नावापुढचा 'आरोपी' काही पुसला जात नाही.

मित्रांनो, जुन्या वस्तूंनी 'आम्हाला जपा' असे सांगायची रीत आहे. मी तसे सांगणार नाही. मला जपले, तिथेच घोटाळा झाला. तुटलेले माप टाकून द्या. टाकवत नसेल तर ते तुटले आहे हे चारचौघांना सांगा. आणि कुणी सांगितलेला आकडा लिहिण्याआधी एकदा खुर्चीवरून उठा.

दर सोमवारी सकाळी मला साहेबांचा आवाज ऐकू येतो. खराडीहून बसने भैरूही येतो. त्याला कुणी बोलावलेले नसते. हजेरीची सही होईपर्यंत दोघे बाहेरच्या बाकावर बसतात. साहेबांनी त्याला अजून एकदाही दोष दिलेला नाही, आणि भैरूला तेच सोसत नाही.